डायलिसिस कॅथेटरच्या मेकॅनिकल प्रॉब्लेम्सचं कोडिंग: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नेफ्रॉलॉजी किंवा इंटरव्हेन्शनल रेडिओलॉजीचे चार्ट हातात आले की पहिल्याच आठवड्यात "कॅथेटर चालत नाही" वाला पेशंट भेटतो, आणि कोडर अडतो. टीममधली नवीन मुलं तेच प्रश्न दहा प्रकारे विचारतात, मी तीच उत्तरं दहा वेळा टाइप करतो, म्हणून आता एकदाच सगळं लिहून ठेवतोय. सगळं अमेरिकेतल्या आयसीडी-१०-सीएम (निदानाचे कोड) आणि सीपीटी (प्रोसिजरचे कोड) बद्दल आहे, आणि आयसीडीचे कोड दरवर्षी १ ऑक्टोबरला, सीपीटीचे १ जानेवारीला अपडेट होतात त्यामुळे क्लेम पाठवायच्या आधी चालू वर्षाचं पुस्तक किंवा एन्कोडर (कोड शोधायचं सॉफ्टवेअर) उघडून खात्री करायचीच.

डायलिसिस कॅथेटर म्हटलं की थेट टी८२.४ ना?

थांबा. आधी कॅथेटर कुठे बसवलाय ते बघा. मानेतल्या नाहीतर मांडीतल्या शिरेतून आत गेलेला, रक्त ओढणारा कॅथेटर असेल तर तो व्हॅस्क्युलर डायलिसिस कॅथेटर, त्याच्या मेकॅनिकल तक्रारी टी८२.४ मध्ये. पोटात बसवलेला पेरिटोनियल कॅथेटर असेल तर पूर्ण वेगळं घर, टी८५.६. टी८२.४ खाली पेरिटोनियलबद्दल एक्सक्लूड्स वन नोट (हे दोन एकत्र लावू नका असं सांगणारी) आहे ती वाचायला लोक विसरतात, कारण एन्कोडरमध्ये "डायलिसिस कॅथेटर" टाइप केलं की जे पहिलं दिसेल ते क्लिक होतं. माझ्या पहिल्या वर्षातली ऑडिटमधली सगळ्यात लाजिरवाणी चूक हीच होती. पेशंट घरी पीडी (पेरिटोनियल डायलिसिस) करणारा, आणि मी मस्तपैकी व्हॅस्क्युलरचा कोड लावून मोकळा झालो होतो. प्रोसिजर पोटावरची, डायग्नोसिस शिरेतल्या कॅथेटरचं, क्लेम परत आला हे वेगळं सांगायला नको.

टी८२.४ खाली नेमके किती प्रकार आहेत?

चारच. टी८२.४१ म्हणजे ब्रेकडाउन, कॅथेटर मोडला, फाटला, बिघडला. टी८२.४२ म्हणजे डिस्प्लेसमेंट, जागा सोडली किंवा मुळातच चुकीच्या जागी बसला, मालपोझिशन पण यातच. टी८२.४३ म्हणजे लीकेज. आणि टी८२.४९ म्हणजे बाकीचं सगळं, ज्यात ऑब्स्ट्रक्शन, परफोरेशन आणि प्रोट्रूजन ही नावं पुस्तकातच दिलेली आहेत. प्रत्यक्षात निम्म्याहून जास्त वेळा तुम्ही ४९ मध्येच येऊन पोचता असा माझा अनुभव आहे, कारण कॅथेटर तुटण्यापेक्षा तुंबतो जास्त.

मधला एक्स कशाला? मी टी८२.४९ए पाठवला तर रिजेक्ट झाला.

होणारच. सातवं कॅरेक्टर हे सातव्याच जागेवर बसायला पाहिजे. टी८२.४९ ची पाच कॅरेक्टर झाली, सहावी जागा रिकामी, तिथे प्लेसहोल्डर एक्स टाकायचा आणि मग ए, डी किंवा एस. म्हणजे टी८२.४९एक्सए. पेरिटोनियलमध्ये टी८५.६११ असे कोड आधीच सहा कॅरेक्टरचे आहेत, तिथे एक्स नको, सरळ टी८५.६११ए. दोन्ही बाजूंना लोक चुकतात.

कॅथेटर तर ८ महिन्यांपूर्वी बसवलाय, मग ए कसा? ही पहिली व्हिजिट थोडीच आहे?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो आणि घोळ शब्दाचाच आहे. "इनिशियल एन्काउंटर" ऐकलं की वाटतं पहिली भेट, पण ए चा अर्थ अॅक्टिव्ह ट्रीटमेंट चालू आहे असा. गाइडलाइनमध्ये कॉम्प्लिकेशन कोडसाठी स्पष्ट लिहिलंय की ज्या कंडिशनचा कोड आहे त्या कंडिशनवर उपचार चालू आहेत का ते बघायचं, मग डिव्हाइस कधीही बसवलेलं असू दे. कॅथेटर ८ महिने नीट चालला, आज तुंबला, आज बदलला, तर आजचा कोड ए चाच. तीच तक्रार दोनदा झाली आणि दोन्ही वेळा त्यावर काहीतरी केलं तर दोन्ही वेळा ए. डी कधी, तर बदलून झाल्यावर फक्त जखम बघायला, टाका काढायला, सगळं ठीक आहे ना बघायला पेशंट आला तेव्हा. एस (जुन्या तक्रारीचा मागे उरलेला परिणाम) या कॅथेटरच्या कामात मी क्वचितच लावलाय.

डॉक्टरने फक्त "कॅथेटर मालफंक्शन" लिहिलंय. पुढे काही नाही. काय करू?

आधी पूर्ण नोट वाचा, कारण इंडिकेशनमध्ये "मालफंक्शन" असतं आणि खाली फाइंडिंगमध्ये खरी गोष्ट असते: टीप वर सरकलीय, किंक आहे, लुमेनमध्ये (कॅथेटरच्या आतल्या पोकळीत) क्लॉट आहे. खरी गोष्ट सापडली तर तीच कोड करायची. खरंच कुठेच काही नसेल तर अल्फाबेटिक इंडेक्समध्ये मालफंक्शन, कॅथेटर, डायलिसिस असं बघत गेलात की तो टी८२.४१ कडे नेतो, म्हणजे ब्रेकडाउनकडे. बऱ्याच जणांना हे पटत नाही, "तुटलाय कुठे?" असं विचारतात, पण इंडेक्सच्या वाटेने जायचं हा नियम आहे, आपल्या मनाने ४९ ला पळायचं नाही. क्वेरी (डॉक्टरला लेखी प्रश्न) करता येत असेल तर मी क्वेरीच करतो. मालफंक्शन हा शब्द म्हणजे गाडी बंद पडली एवढंच सांगणं झालं, टायर पंक्चर झाला की पेट्रोल संपलं ते त्यातून कळत नाही.

"पुअर फ्लो" म्हणजे ऑब्स्ट्रक्शन धरायचं का?

नाही, आपण धरायचं नाही. पुअर फ्लो हे लक्षण आहे. फ्लो कमी व्हायची कारणं बरीच: टीप शिरेच्या भिंतीला चिकटली, कॅथेटर वाकला, आत क्लॉट, बाहेरून फायब्रिनचं आवरण, किंवा पेशंटच्या अंगात पाणीच कमी. साधारण असं दिसतं की बसवल्या बसवल्या लगेच फ्लो मिळाला नाही तर किंक किंवा चुकीची पोझिशन, आणि बरेच दिवस चालून मग फ्लो पडला तर क्लॉट किंवा फायब्रिन शीथ. हे माहीत असलं की नोटमध्ये काय शोधायचं ते कळतं, पण कोड मात्र डॉक्टरने लिहिलेल्यावरच.

जाता जाता, जुन्या केडीओक्यूआय (किडनीच्या उपचारांबद्दलच्या अमेरिकन) गाइडलाइनमध्ये, २००६ च्या, डिसफंक्शनसाठी मिनिटाला ३०० मिलीपेक्षा कमी फ्लो असा आकडा होता, २०१९ च्या अपडेटमध्ये आकड्याऐवजी ठरवलेला फ्लो टिकवता येतो का आणि डायलिसिसचा वेळ न वाढवता ते पुरेसं होतं का यावर भर दिला. त्यामुळे नर्सच्या चार्टवर २८० दिसलं म्हणून कोडरने स्वतःच निदान करून टाकायचं नाही. आणि निदान नर्सच्या नोटमधून उचलायचं नाही, प्रोव्हायडरचंच (उपचार करणाऱ्या डॉक्टरचंच) पाहिजे.

क्लॉट झालाय. टी८२.४९एक्सए की टी८२.८६८ए?

आता हा खरा किचकट प्रश्न, इथे जरा वेळ घालवूया.

टी८२.८६८ म्हणजे व्हॅस्क्युलर डिव्हाइसमुळे झालेला थ्रॉम्बोसिस. टी८२.४९ मध्ये मेकॅनिकल ऑब्स्ट्रक्शन. दोन्ही कोड एकाच पेशंटला बसतील असं वाटतं, कारण क्लॉट झाला म्हणूनच तर कॅथेटर बंद पडला ना. पण इंडेक्समध्ये व्हॅस्क्युलर डायलिसिस कॅथेटरच्या कॉम्प्लिकेशनखाली ऑब्स्ट्रक्शनची ओळ वेगळी आणि थ्रॉम्बोसिसची ओळ वेगळी आहे, म्हणजे पुस्तक या दोन गोष्टी वेगळ्या समजतं. त्यामुळे प्रोव्हायडरने "थ्रॉम्बोस्ड कॅथेटर", "कॅथेटर थ्रॉम्बोसिस", "क्लॉटेड" असं लिहिलं असेल तर मी टी८२.८६८ए कडे जातो. "ऑब्स्ट्रक्टेड", "ऑक्लुडेड", कारण दिलेलंच नाही, किंवा कारण किंक आहे, तर टी८२.४९एक्सए. म्हणजे कारण क्लॉट असं स्वच्छ लिहिलंय की नाही, यावर सगळं.

आणि अजून एक तिसरी शक्यता जी लोक विसरतात. क्लॉट कॅथेटरच्या आत नसून पेशंटच्या शिरेत आहे. उदाहरणार्थ उजव्या इंटर्नल ज्युग्युलरमध्ये कॅथेटरच्या भोवती अॅक्यूट थ्रॉम्बस, डॉप्लरवर दिसला. तिथे डिव्हाइसचा टी८२.८६८ए तर आहेच पण शिरेचा क्लॉट सांगायला आय८२ मधला कोड पण लागतो, उजव्या इंटर्नल ज्युग्युलरसाठी आय८२.सी११. कॅथेटरमधला क्लॉट अल्टेप्लेज (क्लॉट विरघळवणारं औषध) टाकून निघतो, शिरेतल्या क्लॉटला पेशंट महिनोन्महिने रक्त पातळ करायच्या गोळ्या घेतो, दोन्ही आजार सारखे कसे असतील? त्याच्याच बाजूला सेंट्रल व्हेन अरुंद झालेली असते ती वेगळी, ती कॅथेटरची मेकॅनिकल तक्रार नाही.

फायब्रिन शीथसाठी फायब्रोसिसचा कोड लावू का? नाव तर सारखंच आहे.

नाही नाही नाही. टी८२.८२८ हा डिव्हाइसमुळे झालेल्या फायब्रोसिसचा कोड आहे. फायब्रिन हे रक्तातलं प्रोटीन, कॅथेटरच्या बाहेरून मोजा चढवल्यासारखं चढतं. फायब्रोसिस म्हणजे टिश्यू घट्ट होणं. नाव ऐकायला जवळचं म्हणून कोड जवळचा होत नाही. "फायब्रिन शीथमुळे कॅथेटर ऑब्स्ट्रक्शन" असं लिहिलेलं असेल तर टी८२.४९एक्सए. नुसतं "फायब्रिन शीथ दिसला" आणि फ्लो नीट आहे, काहीच केलं नाही, तर मुळात कॉम्प्लिकेशन म्हणायचं का हा प्रश्न आहे. आणि आउटपेशंटमध्ये "प्रोबेबल फायब्रिन शीथ" असेल तर तो कोड होत नाही, तिथे "प्रोबेबल", "सस्पेक्टेड" असली निदानं घेत नाहीत, जे लक्षण आहे तेच. हॉस्पिटलच्या इनपेशंट डिस्चार्जला मात्र गाइडलाइन वेगळी आहे.

कॅथेटर अर्धा बाहेर आलाय, कफ दिसतोय. कोणता कोड?

टनेल केलेल्या कॅथेटरला त्वचेखाली एक छोटा कफ असतो, त्यात टिश्यू वाढतो आणि कॅथेटर जागेवर धरून ठेवतो. कफ बाहेर दिसतोय म्हणजे कॅथेटर सरकलाय. प्रोव्हायडरने "डिसलॉज्ड", "मायग्रेटेड", "डिस्प्लेस्ड", "पुल्ड आउट" असलं काही लिहिलं असेल तर टी८२.४२एक्सए. कपडे बदलताना पूर्णच निघून हातात आला तरी तेच. पण "कॅथेटर त्वचेतून प्रोट्रूड होतोय" एवढंच लिहिलं तर प्रोट्रूजन ४९ खाली आहे. एक शब्द बदलला आणि कोड बदलला, म्हणून प्रोव्हायडरचा शब्द जसाच्या तसा वाचायचा.

टीप चुकीच्या शिरेत गेली, उदाहरणार्थ अॅझायगसमध्ये, किंवा खूप वर सुपिरिअर व्हेना कॅव्हामध्ये अडकली आणि म्हणून फ्लो नाही, तर ते मालपोझिशन, म्हणजे पुन्हा ४२.

हबला (कॅथेटरच्या बाहेरच्या टोकाच्या जोडाला) तडा गेलाय आणि रक्त गळतंय. ब्रेकडाउन की लीकेज?

माझ्या मते दोन्ही लिहिलेलं असेल तर दोन्ही सांगता येतात: तडा टी८२.४१एक्सए, गळती टी८२.४३एक्सए, कारण या दोघांमध्ये एकमेकांना वगळणारी नोट नाही. पण फक्त "लीकिंग फ्रॉम हब" असेल आणि तुटल्याचा उल्लेख नसेल तर लीकेजच. आणि रक्त एक्झिट साइटवरून येतंय, कॅथेटर धड आहे, तर ते लीकेज नव्हेच, ते ब्लीडिंग. डिव्हाइसमुळे झालेलं हेमोरेज म्हणून टी८२.८३८ए बघा, अर्थात डॉक्टरने तसा संबंध जोडला असेल तर.

इन्फेक्शन पण आहे. तेही टी८२.४ मध्येच टाकू?

इन्फेक्शन मेकॅनिकल नाही. त्यासाठी टी८०.२१ चा गट आहे, सेंट्रल लाइनमुळे ब्लडस्ट्रीम इन्फेक्शन असेल तर टी८०.२११ए, एक्झिट साइट किंवा टनेलचं लोकल इन्फेक्शन टी८०.२१२ए, आणि व्हॅस्क्युलर डिव्हाइसच्या इन्फेक्शनसाठी टी८२.७एक्सएक्सए. यातलं कुठलं ते इंडेक्समधून आणि डॉक्युमेंटेशनवरून ठरवा, आणि ऑर्गॅनिझम, सेप्सिस असेल तर त्याचे कोड सोबत. हा एवढा मोठा विषय आहे की इथे घुसलो तर बाहेर येणार नाही. एकच सांगतो, एकाच व्हिजिटमध्ये कॅथेटर तुंबलाही आणि इन्फेक्टही झाला तर दोन्ही कोड लागतात, एकाने दुसरा झाकला जात नाही.

पेरिटोनियल कॅथेटरचे प्रकार पण सांगा ना.

रचना तीच. टी८५.६११ए ब्रेकडाउन, टी८५.६२१ए डिस्प्लेसमेंट, टी८५.६३१ए लीकेज, टी८५.६९१ए इतर मेकॅनिकल. फरक गोष्टींमध्ये आहे. पोटातला कॅथेटर पेल्व्हिसमधून वर सरकतो, ते डिस्प्लेसमेंट. ओमेंटम (पोटातला चरबीचा पडदा) गुंडाळून बसतं आणि ड्रेन होत नाही, ते इतर मेकॅनिकल. डायलिसेट (डायलिसिसचं द्रव) कॅथेटरच्या बाजूने बाहेर झिरपतं, ते लीकेज. आणि गंमत म्हणजे नुसत्या बद्धकोष्ठाने पण ड्रेन अडतो, पोट साफ झालं की कॅथेटर पुन्हा चालायला लागतो, तेव्हा डॉक्टर कारण काय लिहितात ते बघा, प्रत्येक वेळी कॅथेटरच दोषी नसतो. पेरिटोनियल कॅथेटरमुळे इन्फेक्शन असेल तर टी८५.७१एक्सए.

फिस्टुला बंद पडला तर?

तो कॅथेटर नाही, डायलिसिससाठी धमनी आणि शीर जोडून केलेली वाट आहे. मेकॅनिकल असेल तर टी८२.५ चा गट, थ्रॉम्बोसिस टी८२.८६८ए, स्टेनोसिस टी८२.८५८ए. प्रोसिजरसाठी ३६९०१ ते ३६९०९, आणि ते कोड कॅथेटरवर वापरायचे नाहीत. पुढे चला.

किडनीचा कोड पहिला की टी कोड?

व्हिजिट कशासाठी आहे? कॅथेटर बंद म्हणून पेशंट आला आणि त्यावरच उपचार झाले तर टी८२.४ पहिला. मग त्याच्यामागे किडनीचा आजार. एंड स्टेज असेल तर एन१८.६, सोबत डायलिसिसवर अवलंबून आहे हे सांगायला झेड९९.२. ब्लड प्रेशर पण असेल तर गाइडलाइन संबंध धरूनच चालते, म्हणून आय१२.० आधी मग एन१८.६. हार्ट फेल्युअर पण असेल तर आय१३.२, त्यासोबत आय५० मधला कोड आणि एन१८.६. टाइप टू डायबेटिस असेल तर ई११.२२. नोटमध्ये "सीकेडी (जुनाट किडनी आजार) स्टेज फाइव्ह" आणि "एंड स्टेज" दोन्ही असेल तर फक्त एन१८.६ घ्यायचा, दोन नाही.

अॅक्यूट किडनी इंज्युरीसाठी चार दिवस डायलिसिस दिलंय, कॅथेटर तात्पुरता आहे, तर झेड९९.२ लावू नका. तो कायमस्वरूपी अवलंबून असलेल्यांसाठी. कॅथेटर तुंबला तर टी८२.४९एक्सए मात्र याही पेशंटला लागतो, कॅथेटरला काय माहीत किडनी परत येणार आहे की नाही.

झेड४९.०१ कधी वापरायचा? तो पण कॅथेटरचाच आहे ना?

झेड४९.०१ म्हणजे डायलिसिस कॅथेटर बसवणं, अॅडजस्ट करणं, काढणं किंवा बदलणं, जेव्हा कॅथेटरची तक्रार नसते. फिस्टुला तयार झाला, आता कॅथेटरची गरज नाही म्हणून काढायला आला, तर झेड४९.०१. बंद पडला म्हणून बदलायला आला, तर टी८२.४. आणि झेड४५.२ नको, तिथे डायलिसिस कॅथेटरला बाजूला काढणारी नोट आहे.

पेशंट इमर्जन्सीत पोटॅशियम वाढून आला कारण कॅथेटर चालत नव्हता. पहिला कोण?

इथे भांडणं होतात. समजा दोन दिवस डायलिसिस झालं नाही कारण कॅथेटर ऑक्लुडेड, अंगाला सूज, पोटॅशियम ६.८, रात्रीतून नवीन कॅथेटर, लगेच डायलिसिस. अॅडमिट कशामुळे झाला आणि कशावर मुख्य जोर होता हे बघायचं. कॅथेटरचा प्रॉब्लेम हेच मूळ कारण आणि त्याचीच प्रोसिजर झाली तर कॉम्प्लिकेशनसाठी अॅडमिशन असताना कॉम्प्लिकेशन कोड पहिला ही गाइडलाइन आहे, मग ई८७.५ हायपरकलेमिया, ई८७.७० फ्लुइड ओव्हरलोड वगैरे. पेशंट स्वतः डायलिसिसला गेलाच नव्हता, कॅथेटर ठणठणीत, तर टी कोडचा संबंध नाही, तिथे झेड९१.१५ मधला नॉनकम्प्लायन्सचा कोड येतो आणि आता तिथे पैशांच्या अडचणीमुळे की दुसऱ्या कारणाने असा फरक करावा लागतो. गोष्ट नीट वाचा, कारण "मिस्ड डायलिसिस" हे दोन शब्द दोन्ही पेशंटच्या नोटमध्ये सारखेच दिसतात.

सीपीटी कोड सांगा, एकदाच सगळे.

सगळे नाही, पण रोज लागणारे सांगतो.

अल्टेप्लेज टाकून कॅथेटर मोकळा केला: ३६५९३. बाहेरून चढलेला फायब्रिन शीथ दुसऱ्या शिरेतून जाऊन काढला: ३६५९५, सोबत रेडिओलॉजीचा ७५९०१. कॅथेटरच्या आतूनच आतला अडथळा काढला: ३६५९६, सोबत ७५९०२. या दोन्हीबरोबर ३६५९३ लावायचा नाही, पुस्तकात कंसात तसं लिहिलेलंच आहे. ३६५९५ मध्ये "वेगळ्या शिरेतून" हे महत्त्वाचं, ऑप नोटमध्ये फेमोरल पंक्चर किंवा दुसरा अॅक्सेस दिसला नाही तर तो कोड जसाच्या तसा बसत नाही.

टीप नीट जागेवर आणली: ३६५९७. कॉन्ट्रास्ट टाकून फक्त बघितलं: ३६५९८, पण ३६५९५ किंवा ३६५९६ केलं असेल तर ३६५९८ वेगळा नाही.

बदलण्यात सगळ्यात जास्त गोंधळ. त्याच शिरेतून गाइडवायरवर टनेल कॅथेटर बदलला तर ३६५८१, आणि जुना काढल्याचे वेगळे पैसे नाहीत, ते त्यातच आलं. जुना काढून नवीन दुसऱ्याच जागी, म्हणजे उजवीकडून काढून डावीकडे बसवला, तर काढण्याचा ३६५८९ आणि बसवण्याचा ३६५५८, पाच वर्षांखालच्या मुलाला ३६५५७. टनेल नसलेला कॅथेटर बदलला तर ३६५८०, नवीन बसवला तर ३६५५६, आणि तो नुसता ओढून काढला तर त्याला वेगळा कोडच नाही. तुटलेला भाग दुरुस्त केला तर ३६५७५.

फ्लुरोस्कोपी ७७००१. अल्ट्रासाउंड ७६९३७ लावायचा तर तीन गोष्टी नोटमध्ये पाहिजेत: शिर उघडी आहे का बघितलं, सुई आत जाताना लाइव्ह बघितली, आणि फोटो कायमचा सेव्ह केला. तिसरी गोष्ट निम्म्या नोटमध्ये नसते. "अंडर अल्ट्रासाउंड गायडन्स" एवढ्या तीन शब्दांवर ७६९३७ जात नाही, कितीही वाटलं तरी.

इनपेशंट हॉस्पिटलच्या क्लेमला मात्र सीपीटी नाही, आयसीडी-१०-पीसीएस, आणि तिथे बॉडी पार्ट सुई जिथून टोचली त्यावरून नाही, टीप शेवटी जिथे पोचली त्यावरून ठरतो. राइट एट्रियम की सुपिरिअर व्हेना कॅव्हा, शेवटचा एक्सरे वाचा.

डायलिसिस सेंटरमध्येच अल्टेप्लेज दिलं, बिल करू?

औषधाचा कोड जे२९९७ आहे, युनिट १ मिलिग्रॅमचं, म्हणजे दोन्ही लुमेनमध्ये २-२ मिलिग्रॅम टाकलं तर ४ युनिट. पण १ जानेवारी २०११ पासून मेडिकेअरचं डायलिसिसचं बंडल पेमेंट चालू आहे आणि अॅक्सेस मोकळा ठेवायची औषधं त्यातच धरलेली आहेत, त्यामुळे सेंटरला त्याचे वेगळे पैसे मिळतील अशी आशा ठेवू नका. सेंटरच्या क्लेमवर पेशंटचा अॅक्सेस कुठला ते सांगणारे मॉडिफायर पण असतात: व्ही५ कॅथेटर, व्ही६ ग्राफ्ट, व्ही७ फिस्टुला. डायग्नोसिसमध्ये कॅथेटर तुंबलाय आणि मॉडिफायर व्ही७ असा क्लेम मी पाहिलाय. कधीकधी ते बरोबरही असतं, फिस्टुला वापरात आला असतो आणि कॅथेटर अजून काढलेला नसतो, पण नोट उघडून बघायचंच.

वाय८४.१ पण जोडायचा का?

कॉम्प्लिकेशनच्या बऱ्याच कोडमध्ये कशामुळे झालं ते आधीच आलेलं असतं, तिथे एक्स्टर्नल कॉजचा कोड जोडायची गरज नाही. टी८२.४ मध्ये "डायलिसिस कॅथेटर" नावातच आहे. मी जोडत नाही.

"कॉम्प्लिकेशन" हा शब्द डॉक्टरने लिहिलाच पाहिजे का?

नाही. पण कॅथेटर आणि तक्रार यांचा कारण-परिणामाचा संबंध नोटमधून दिसायला पाहिजे आणि ती तक्रार दखल घेण्याइतकी पाहिजे. "ऑक्लुडेड डायलिसिस कॅथेटर, एक्स्चेंज केला" यात सगळं आलं. "कॅथेटर असलेल्या पेशंटला मानेत दुखतं" यात काहीच आलेलं नाही.

क्वेरी कशी लिहू? डॉक्टर वैतागतात.

वैतागतातच, पण छोटी आणि मोकळी लिहिली तर उत्तर देतात. "थ्रॉम्बोसिस लिहा म्हणजे आम्ही हा कोड लावू" असं कधीच नाही, ती लीडिंग क्वेरी झाली. मी साधारण असं लिहितो: १४ तारखेच्या नोटमध्ये टनेल कॅथेटर मालफंक्शन, अल्टेप्लेजला प्रतिसाद नाही, त्यानंतर एक्स्चेंज असं दिसतंय. मालफंक्शनचं कारण कळलं असल्यास कृपया नोंदवावं: थ्रॉम्बस, फायब्रिन शीथ, किंक, मालपोझिशन, इतर, सांगता येत नाही. क्लिनिकल गोष्टी नोटमधून उचललेल्या, पर्यायांमध्ये "इतर" आणि "सांगता येत नाही" असलेच पाहिजेत, आणि पैशांचा उल्लेख कुठेही नाही. एका नेफ्रॉलॉजिस्टने मला परत लिहिलं होतं, "किंक. एक्सरे बघा." दोन वाक्यं, आणि थ्रॉम्बोसिस लावायला निघालेला मी तिथेच थांबलो.

जुन्या फाइलमध्ये ९९६.१ दिसतोय, हे काय?

आयसीडी-९ चा कोड, १ ऑक्टोबर २०१५ च्या आधीचा. तेव्हा व्हॅस्क्युलर डिव्हाइसच्या मेकॅनिकल तक्रारी याच एका कोडमध्ये जायच्या आणि पेरिटोनियल कॅथेटरला ९९६.५६ होता. डब्ल्यूएचओच्या आयसीडी-१० मध्येही टी८२.४ आहे पण तिथे तो तिथेच संपतो, ४१, ४२, ४३, ४९ हे पुढचे फाटे अमेरिकेच्या आवृत्तीत आहेत. त्यामुळे दुसऱ्या देशाच्या यादीत नुसता टी८२.४ दिसला तर तो अपुरा म्हणून खोडू नका, तिथे तेवढाच असतो. अमेरिकेच्या क्लेमवर मात्र तो इनव्हॅलिड आहे, सात कॅरेक्टर पूर्ण झालीच पाहिजेत.